डोळे नसलेल्या आईची माळ

१

मनुबाईच्या पत्राला मी उत्तर दिलं नाही. कागद पुढे ओढायचा, 'चि. सौ. मनुबाई हीस आशीर्वाद' एवढं लिहायचं आणि थांबायचं, असं किती वेळा झालं. पुढे लिहिण्यासारखं माझ्याजवळ काही नव्हतं. निपाणीच्या वाचनालयात वर्तमानपत्रं लावून ठेवणारा माणूस मी. लोक मास्तर म्हणतात ते चष्म्यामुळे. शिकवलं मी कुणालाच नाही. ही पोर तेवढी बापाबरोबर बाजारला आली की वाचनालयाच्या पायरीवर बसून जुनी मासिकं वाचायची.

पत्र अनगोळहून, तिच्या सासरहून आलं होतं.

'मास्तरांस मनुबाईचा नमस्कार. जत्रेत देवीची माळ खोटी निघाली हे तुमच्या कानावर आलंच असेल. ती मीच उजेडात आणली. संध्याकाळी पालखी परतल्यावर, लग्नात आप्पांनी माळेत ओवलेली गिन्नी शोधायला हात घातला, तर गिन्नी नव्हती. मी गप्प बसले असते तर बरं झालं असतं. आता सगळे म्हणतात, आप्पांनी माळ खाल्ली. इथं सासरे म्हणतात, देवीच्या चोराची लेक या घरात होळीपर्यंतच. माझ्या गळ्यातली पुतळी त्यांनी बेळगावात कसाला लावली. ती खरी निघाली, तर म्हणाले, मग बाकीच्या तुझ्या बापानं विकल्या. आप्पांनी चोरी केली का? तुम्ही पुस्तकं वाचता. तुम्ही सांगाल ते मी खरं धरीन.'

त्या शेवटच्या वाक्यानं माझा हात अडला. चूक निघालो तर एका मुलीचा संसार मोडायचा.

तिचे वडील आण्णाप्पा गुरव हे सदलग्याच्या अलीकडे, दूधगंगेच्या काठच्या एका गावात लक्ष्मीआईचे पुजारी. त्या गावाची एक रीत आहे. लेक सासरी जाताना देवीच्या माळेतली एक पुतळी सोडवून तिच्या गळ्यात बांधतात आणि बाप त्या जागी दुसरी ओवतो. पहिल्या जत्रेला लेक येते, बापानं ओवलेली पुतळी शोधते आणि तिला बोट लावून नमस्कार करते. त्यामुळे माळ कमी होत नाही आणि तीच राहतही नाही. पुतळी हे मुळात व्हेनिस नावाच्या दूरच्या शहराचं सोन्याचं नाणं. कधीकाळी मिरीमसाल्याच्या मोबदल्यात इकडे आलं आणि आमच्या बायकांच्या गळ्यात राहिलं. हे मी एकदा त्या गावात बोललो होतो. तेव्हा नाण्यावरच्या दोन आकृत्यांकडे बोट दाखवून एकानं विचारलं, "मग हे राम-सीता तिकडं काय करायला गेलते?"

आण्णाप्पांना लेकीच्या लग्नात पुतळी परवडली नाही. वडिलांकडून आलेली एक जुनी गिन्नी, इंग्रजांचं सोन्याचं नाणं, त्यांनी तिच्या जागी ओवली.

होळी जवळ येत होती. कागदावर आशीर्वादाच्या पुढे काही उमटेना. शेवटी मी आण्णाप्पांच्या गावाकडे जाणाऱ्या सर्व्हिस मोटारीत बसलो.

२

"आलं बघा पुस्तक!" देवळाच्या पारावरून कुणीतरी म्हणालं. बाकीचे हसले नाहीत. त्या गावात त्या दिवसांत कुणी हसत नव्हतं.

आण्णाप्पांनी मला आत नेलं आणि खोटी माळ फडक्यातून सोडून पुढे ठेवली.

"बघा. आता माझ्याकडं बघायच्या ऐवजी लोक ह्येच्याकडं बघत्यात."

मी चष्मा पुसला. पुतळ्या पितळेच्या, वर सोन्याचं पाणी. प्रत्येकीच्या उजव्या कडेला सारखीच एक खाच. सगळ्या एकाच साच्यातल्या.

"त्या सकाळी काय काय केलंत?"

"आईला न्हाऊ घातलं. लुगडं नेसवलं, माळ घातली, वर फुलं चढवली. खरी माळ, मास्तर. मनूची गिन्नी डाव्या अंगाला, मी ह्या डोळ्यांनी बघितली. लेक येणार म्हणून मुद्दाम बघितली. मग पडदा ओढून नदीला गेलतो, पाणी आणायला. आल्यावर आईचे डोळे लावले, पालखी निघाली."

देवीची मूर्ती काळ्या दगडाची, तिचे डोळे चांदीचे. अंघोळीच्या वेळी ते काढतात आणि नदीचं ताजं पाणी शिंपडल्यावर पुन्हा बसवतात. मधल्या वेळात गुरवाखेरीज कुणी आत जात नाही.

"डोळे लावताना माळ पाहिली नाहीत?"

"फुलांचे हार आधी गळ्यात पडल्याले. माझं ध्यान डोळ्यात. डोळा वाकडा बसला तर गावाला वरीसभर वाकडं."

"तुम्ही नदीवर होतात तेव्हा देवळात कोण होतं?"

त्यांनी आधी दाराबाहेर पाहिलं. नावं घ्यायची म्हणजे वैर घ्यायचं.

"मष्णू सोनार आईच्या छत्रीची चांदी ठोकत बसल्याला. आमच्या पंचांतले मारुतीराव, तंबाखूवाले, मंडपात जप करत. आणि त्यो निपाणीचा परशराम, सोनं घेनारा. जत्रा बघायला आलतो म्हणाला. वाजंत्री वेशीपाशी." त्यांनी माळ पुन्हा फडक्यात बांधली. "पंचांनी होळीपतोर मुदत दिलीया. माळ आणा, न्हायतर पूजा सोडा. मास्तर, आमच्या घरात सात पिढ्या दुसरं कायच येत न्हाय."

बाहेर पडताना मनात आलं, आण्णाप्पा चोर असते तर लेक जी गिन्नी शोधणार, तीच गिन्नी काढून घेतली असती का? खोट्या माळेत ती ओवून ठेवली असती, तर आज कुणाला काही कळलंच नसतं.

म्हणजे ज्यानं माळ बदलली त्याला गिन्नीचं काहीच ठाऊक नव्हतं. पण माळ त्याच्या हातात होती. हातातली गिन्नी माणसाला दिसत नाही, हे कसं?

३

मष्णू सोनाराचं दुकान म्हणजे वेशीजवळची एक ओसरी. मला पाहताच त्यानं फुंकणी बाजूला ठेवली.

"फौजदार येऊन गेला, पंच येऊन गेले. आता वाचनालय आलं काय?"

मी खोट्या पुतळ्यांची खाच सांगितली.

"माझ्याच हाईत. लपवतोय कुठं?" त्यानं एक डबा माझ्यापुढे आदळला. आत तसल्याच पुतळ्यांचे सर होते. "जत्रंत हेच इकलं. का इकलं, इचारा की. पोटासाठी न्हाय का? गावातल्या बायांनी खऱ्या माळा त्या परशरामाच्या काट्यावर घातल्या. मोकळ्या गळ्यानं जत्रंत कोण येतं? ह्या जत्रंला ज्या गळ्यात बघाल त्या गळ्यात मी हाय, मास्तर. लगीनघरात मी, देवळात बी मी!"

त्याचं खरं होतं. मागल्या पावसाळ्याच्या शेवटी विलायतेनं पौंडाची सोन्याशी असलेली गाठ सोडली. आमचा रुपया पौंडाच्या शेपटीला बांधलेला, तोही त्याच्याबरोबर घसरला. सोनं बावीस रुपये तोळ्यावरून अठ्ठाविसाच्या वर गेलं आणि माणसांनी पिकवलेलं सगळं, तंबाखू, गूळ, शेंगा, अर्ध्या दरावर आलं. सरकारचा सारा मात्र तेवढाच. लोकांनी गळ्यातलं काढलं. पिढ्यान् पिढ्या जे परदेशी सोनं मुरलं होतं, ते एका हिवाळ्यात परत परदेशी निघालं. वर्तमानपत्रात त्याला देशाची सुबत्ता म्हणत होते. ते छापील कागद मीच रोज वाचनालयात लावत होतो.

"त्या सकाळी तू गाभाऱ्यात गेलास?"

"गेलो असतो तर असली चूक केली असती काय?" मष्णू माझ्या अंगावर ओरडलाच. "गिन्नी पुतळीच्या दुप्पट वजनाची. आंधळा झालो तरी ह्या बोटांना कळंल. आन् मला गिन्नीचा साचा करायला किती येळ? देवीनं सुदिक ओळखली नसती."

त्याचं म्हणणं खोडता येत नव्हतं. मी उठलो.

"सर कुणाकुणाला विकलेस?"

"सगळ्यांस्नी. पंचांच्या बायकांस्नी बी. लिहून घ्या नावं, हाय का एवढा कागूद?"

४

परशराम मूळचा बेळगावचा. मुंबईच्या एका निर्यात कंपनीचा एजंट म्हणून तो निपाणीच्या पेठेत काटा मांडून बसला होता. गावात येताना टोपी घालायचा, दुकानात हॅट. मी गेलो तेव्हा एक म्हातारी बांगड्या काढत होती. बांगडी हातातून निघेना, तेव्हा त्यानं साबणाचा तुकडा पुढे सरकवला. त्याच्याकडे तो तयारच असायचा.

म्हातारी गेल्यावर तो म्हणाला, "बोला मास्तर. तुमच्याजवळ विकायला काय आहे? पुस्तकं मी घेत नाही."

"देवीच्या माळेबद्दल विचारायचं होतं."

"मी पंचांना उघड भाव सांगितला होता. दगडाच्या गळ्यात सोनं ठेवून काय मिळतं? त्यांनी नाही म्हटलं. संपलं."

"जत्रेच्या सुमारास तुमच्याकडे गिन्नी आली?"

तो खुर्चीत मागे रेलला.

"आली. जा, सांगा फौजदाराला. गिन्नीवर तुमच्या देवीचं नाव असतं का? राजाचं असतं. पुतळ्या कधीच वितळल्या, त्यांच्या विटा बोटीवर चढल्या असतील." तो हसू लागला. "तुमच्या लोकांची अक्कल सांगतो. देणाऱ्यालाच माहीत नव्हतं! जत्रेच्याच दुपारी, पुतळ्या आहेत म्हणून पिशवी दिली. मी पालथी केली तर त्यात गिन्नी. मी त्याला दाखवली, तर पांढराफटक पडला. म्हणतो, ही कुठनं आली? माल स्वतःचा आणि विचारतो मला!"

"कोण होता?"

"नाव सांगितलं तर उद्या माझ्या दारात कोण येईल? हा धंदा तोंड बंद ठेवण्याचा आहे, मास्तर."

"दिवसाढवळ्या लुटायचा आहे," मी म्हणालो. म्हणालो म्हणजे मनात. तोंडातून "बरं, येतो" एवढंच बाहेर पडलं.

रस्त्यात स्वतःवर चिडत चाललो. तरी एक गोष्ट पदरात पडली होती. परशराम स्वतः गाभाऱ्यात गेला असता, तर त्याच्या भिंगाखालून एक नाणं सुटलं नसतं. गिन्नी त्यानं पहिली उचलली असती. शिवाय चोरीचा माल दुकानात आल्याचं इतक्या मस्तीत तोच सांगतो, ज्याला चोरीची नव्हे, फक्त धंद्याची फिकीर असते.

पण पिशवी देणारा? त्यानं माळ देवीच्या गळ्यातून काढली, पिशवीत भरली, निपाणीपर्यंत आणली, आणि त्यात काय आहे ते पाहिलंच नाही. की तो नुसता निरोप्या होता? माझा सगळा तर्क एका हॅटवाल्याच्या बढाईवर उभा होता. त्या गावाकडे परत जाणाऱ्या मोटारीत बसण्याइतकीसुद्धा मला स्वतःची खात्री नव्हती.

तरी बसलो.

५

सकाळी आण्णाप्पा पूजेला बसले होते. मूर्तीच्या डाव्या अंगाला गिन्नी नेमकी कुठे होती ते मला पाहायचं होतं. ते म्हणाले, "या आत. आईची चौकशी आईपुढंच व्हावी." आणि त्यांनी पडदा सारला.

देवीची अंघोळ नुकतीच झालेली. डोळे तबकात ठेवलेले.

आणि मी माझे डोळे घट्ट मिटून घेतले.

मी! ज्यानं या गावाला पुतळीचा खरा इतिहास सांगायचा आगाऊपणा केला, तो. या मुलखात लहानपणी प्रत्येकाला सांगतात की डोळे नसलेल्या आईकडं बघितलं तर आपले डोळे जातात. एवढी पुस्तकं वाचूनही माझ्या पापण्यांनी ते ऐकलं होतं. मी तसाच उभा राहिलो, हात पुढे करून, आंधळ्यासारखा. हाताला ओलं लुगडं लागलं, मग थंड दगड, मग फुलांचा हार.

"भ्याला व्हय, मास्तर?" आण्णाप्पा म्हणाले. "मुडदा शिवणारा माणूस बी हितं डोळे मिटतो."

मी डोळे उघडले नाहीत. उघडायची गरजच उरली नव्हती.

ज्यानं माळ काढली त्यानं ती अशीच काढली होती. चाचपत, डोळे मिटून, खरी काढून खोटी सरकवली. माळ पिशवीत गेली आणि पिशवीचं तोंड बांधलं गेलं. देवीला लुटायची छाती होती, पण तिच्याकडे बघायची नव्हती. पुढेही त्यानं ती उघडून पाहिली नसणार. जे डोळे मिटून घेतलं, ते उघड्या डोळ्यांनी मोजायचं कसं?

आण्णाप्पांना डोळे मिटायचं कारण नव्हतं, ते रोज तिला पाहतात. मष्णूच्या बोटांना वजन कळलं असतं. परशराम कशालाच भीत नाही. मग देवाला भिणारा, सोन्यात बोटं न घातलेला आणि माळेत गिन्नी आल्याचं ठाऊक नसलेला, असा कोण?

"आण्णाप्पा, मनूच्या लग्नात गिन्नी ओवताना सगळे पंच हजर होते?"

"एक सोडून. त्यो तंबाखूचा दर करायला म्हमईला गेलता."

६

मारुतीरावांच्या वखारीत तंबाखूची धूळ नाकात जाऊन मला शिंका सुटल्या. बोलायची सगळी जुळवाजुळव त्यात उडाली. ते गादीवर बसले होते. कपाळाला भंडारा, हातात जपमाळ. गावातलं सगळ्यात मोठं घर त्यांचं.

"पाणी द्या रं मास्तरांस्नी. काय काम काढलं?"

पाणी देऊन गडी बाहेर गेला. मग मी म्हणालो, "मारुतीराव, त्या सकाळी गाभाऱ्यात तुम्ही डोळे मिटले होते."

माळ फिरवणारं बोट थांबलं.

"कुणी बघितलं?"

"कुणी नाही. तुम्हीसुद्धा नाही. म्हणून तर गिन्नी दिसली नाही."

त्यांनी नाही म्हणावं, मला हाकलून द्यावं, असं मला वाटत होतं. मी चूक निघालो असतो तर घरी जाता आलं असतं. पण ते एकदम उसळले.

"व्हय, घेतली! काय करतूस? तंबाखू अर्ध्यावर आली. म्हमईचा व्यापारी म्हणतो, लंडनात मंदी हाय. लंडनात मंदी, तर सदलग्याच्या शेतकऱ्याचं मी काय वाकडं केलंतं? पन त्येचा माल मी उचलल्याला. दारात बसत्यात माणसं. त्यास्नी काय सांगू, पौंड पडला म्हणून? जिथं सोनं तेवढं चढतंय तिथं आईच्या गळ्यात ते लोंबतंय. पुढल्या साली दर आला की नवी माळ घालनार हुतो. आईला कबूल केलंया मी."

"डोळे नसताना?"

त्यांनी माझ्याकडे अशा नजरेनं पाहिलं की मी मागे सरलो.

"तू कुणाला इकलंस काय कधी? पिकवलंस काय? वाचतोस नुसता. शेतकऱ्यांचं पैसं भागवलं मी त्यातनं. एक पै ठेवली न्हाय."

"आणि आण्णाप्पा?"

"त्येला दोन एकर लिहून देतो. गप बसंल."

"त्याच्या लेकीला होळीला घरातून काढणार आहेत."

"तिला बी काय लागंल ते देऊ. किती, बोल."

त्यांची मला दया यायला हवी होती. त्यांचं म्हणणं निम्मं खरं होतं. पण ज्या गुरवाकडून रोज तीर्थ घेतलं, त्यालाच चोर ठरवून हा माणूस पंचांत बसला होता आणि मुदत देत होता. दया आली नाही. रागच आला, आणि रागामुळेच असेल, जीभ अडखळली नाही.

"उद्या पंच बोलवा. आईचे डोळे लावलेले असतील. तिच्या डोळ्यांत बघून एवढंच म्हणा, मी घेतली न्हाय. मी निपाणीला परत जाईन. पुन्हा या गावात पाय ठेवणार नाही."

"आन् न्हाय आलो तर?"

"तर नका येऊ," मी म्हणालो. माझ्याजवळ दुसरं काहीच नव्हतं. साक्षीदार नाही, गिन्नी नाही, माळ तर समुद्रावर. वखारीतून बाहेर पडताना वाटलं, मनुबाईचं होतं नव्हतं तेही मी घालवलं.

७

पंच जमले. गाव जमलं. उन्हं वर आली तरी मारुतीराव आले नाहीत. "पुस्तकवाल्यानं बोलावलं आन् आपुन आलो," असं कुणीतरी म्हणालं, तेव्हा लोक पहिल्यांदाच हसले.

मग ते आले. अंगावर धुतलेलं धोतर, पायांत काही नाही. सरळ गाभाऱ्याच्या उंबऱ्याशी जाऊन उभे राहिले. आत समईच्या उजेडात चांदीचे डोळे चमकत होते.

"आई," त्यांनी सुरुवात केली, "मी..."

पुढचा शब्द आला नाही. त्यांनी मान वळवली, पुन्हा वर केली. त्यांचे ओठ हलत होते. म्हणतील, असं मला वाटलं. म्हणालेच, असंही क्षणभर वाटलं. मग त्यांनी उंबऱ्यावर कपाळ टेकलं आणि तिथूनच, गावाकडे पाठ ठेवून म्हणाले, "मी घेतली. आण्णाप्पानं न्हाय."

गोंधळ उडाला. दोन पंच त्यांना धरून बाजूला नेऊ लागले. "झालं ते झालं, घरातलं घरात ऱ्हाऊ दे. मास्तर, तुम्ही जावा आता," एकानं मला दाराकडे ढकललंच.

तेव्हा आण्णाप्पा उठले. इतके दिवस ते कुणाशी चढ्या आवाजात बोलले नव्हते.

"मला चोर म्हणताना वेशीपतोर आवाज गेलता. आता घरातलं घरात व्हय? कागूद आणा. मारुतीराव लिहितील, समदे पंच सही करतील. बोलणं वाऱ्यावर जातं, माझी लेक अनगोळात हाय."

कागद आला. मारुतीरावांनी लिहिला, पंचांनी सह्या केल्या, आण्णाप्पांनी तो माझ्या हातात दिला. बाकी कुणी माझ्याकडे पाहिलं नाही आणि मोटारीपर्यंत सोडायलाही कुणी आलं नाही. ते बरंच झालं.

निपाणीत उतरलो तेव्हा पेठेत परशरामाच्या दारात बायकांची रांग होती. एका बाईनं नथ मुठीत धरली होती. मला बघून परशराम आतून ओरडला, "काय मास्तर, मिळाली का माळ?"

"नाही," मी म्हणालो. "तुम्ही पाठवलीत तिथून ती मिळत नाही."

या वेळी ते मनात नव्हतं. रांगेतल्या बायकांनी वळून पाहिलं, आणि नंतर पुन्हा पुढे सरकल्या.

वाचनालयात येऊन मी तोच कागद पुढे घेतला. आशीर्वाद लिहिलेला होताच. त्याच्याखाली लिहिलं :

'तुझ्या आप्पांनी चोरी केलेली नाही. ज्यानं केली त्यानं आईसमोर आणि गावासमोर कबूल केलं. त्याच्या आणि पंचांच्या सह्यांचा कागद सोबत आहे. सासऱ्यांना मोठ्यानं वाचून दाखव, शेजाऱ्यांना ऐकू जाईल इतक्या मोठ्यानं. ते थांबवतील, तरी शेवटपर्यंत वाच. माळ गेली. ती परत येणार नाही. पण तू गप्प बसली नाहीस, ते बरं केलंस.'

तिकीट लावलं, पत्ता दोनदा वाचला, आणि होळीच्या आधीच्या टपालात पाकीट पडलं.